फाइल लहान झाली म्हणून गेम वेगाने चालत नाही

‘पीएसपीचा गेम जितका जास्त कॉम्प्रेस करावा, तितका तो कमी रॅमच्या फोनवर वेगाने चालतो, आणि दीड जीबीचा कोणताही गेम काहीही न गमावता शंभर एमबीत बसतो,’ असा दावा सर्रास पसरवला जातो. (पीएसपी म्हणजे सोनीचे हातात धरून खेळायचे गेमयंत्र.) साधा फोन वापरणारेच त्यावर विसंबतात आणि त्यांचाच डेटा वाया जातो, म्हणून तो तपासायला हवा.

आधी रॅमविषयी. पहिल्या पीएसपीत 32 एमबी रॅम होती, तर त्याच्या यूएमडी या छोट्या गेम-डिस्कवर 1.8 जीबीपर्यंत माहिती मावत असे. म्हणजे खुद्द ते यंत्रही संपूर्ण गेम मेमरीत घेत नसे; लागेल तेवढाच भाग डिस्कवरून वाचत असे. पीपीएसएसपीपी हा एम्युलेटरही, म्हणजे पीएसपीचे गेम फोनवर चालवणारे ॲपही, सहसा तसेच करतो. त्यामुळे आयएसओची (डिस्कची जशीच्या तशी प्रत असलेली फाइल) सीएसओ (तिचेच कॉम्प्रेस केलेले रूप) केल्याने साठवणुकीची जागा वाचते, रॅमची गरज घटत नाही.

वेगाचा मुद्दाही टिकत नाही. सीएसओमध्ये साधारणतः 2048 बाइटांचा एकेक ब्लॉक स्वतंत्रपणे दाबलेला असतो आणि वाचताना तो उलगडण्याचे काम प्रोसेसरवर पडते. हे काम मोठे नाही, आणि मेमरी कार्ड फारच संथ असेल तर कमी बाइट वाचावे लागल्यामुळे लोडिंग थोडे लवकर होऊ शकते, हे मान्य केले पाहिजे. मात्र खेळताना चित्र अडखळत असेल, तर दोष बहुधा फाइलच्या आकाराचा नसतो. पीएसपीचा पडदा 480×272 पिक्सेलांचा आहे. एम्युलेटरमध्ये रेंडरिंग रिझोल्यूशन दुप्पट ठेवले की चौपट पिक्सेल रंगवावे लागतात. ते एकपट करून पाहावे.

‘काहीही न गमावता’ हे शब्द मला सर्वांत घातक वाटतात. अनेक गेममधील चलच्चित्रे आणि एट्रॅक या सोनीच्या स्वरूपातील ध्वनी डिस्कवर आधीच दाबलेल्या स्वरूपात असतात, त्यामुळे ते आणखी फारसे आकसत नाहीत. काही डिस्कवर निव्वळ भरताड माहिती असते आणि ती शून्यांची असेल तर असे गेम खरोखरच खूप लहान होतात; पण सर्वच गेमना हा न्याय लावता येत नाही. एरवी दीड जीबीचे शंभर एमबी झाले असतील, तर बहुधा चित्रफिती किंवा संवाद काढून टाकलेले असतात, नाहीतर त्यांचा दर्जा उतरवलेला असतो. सेव्हन-झिप या कॉम्प्रेस करणाऱ्या प्रोग्रॅमने दाबलेली फाइल तर खेळण्यापूर्वी पूर्ण उघडावीच लागते, तेव्हा ती वाचवलेली जागाही परत जाते.

शंका असल्यास स्वतःच्या डिस्कवरून काढलेल्या आयएसओची सीएसओ करावी, ती पुन्हा आयएसओत बदलावी आणि मूळ आयएसओ व या नव्या आयएसओचे चेकसम (फाइलमधील माहितीवरून काढलेले पडताळणीचे आकडे) ताडून पाहावेत. ते तंतोतंत जुळतात. काटछाट केलेल्या प्रतीचे जुळत नाहीत.