खुलासा : ‘आला का सदा?’ हे इंग्रजी वळण नाही
सध्या फिरणाऱ्या एका संदेशात म्हटलंय की मराठी वाक्य क्रियापदावरच संपतं, आणि ‘आला का सदा?’, ‘कुठे ठेवलास डबा?’ ही इंग्रजीची नक्कल आहे. पहिलं म्हणणं निम्मं खरं. कर्ता-कर्म-क्रियापद हा मराठीचा नेहमीचा क्रम आहेच. दुसरं साफ चुकीचं. इंग्रजी प्रश्नात सदा मध्येच अडकतो, शेवटी येत नाही. मग नक्कल कशाची?

तुर्की आणि जपानी याही क्रियापद शेवटी ठेवणाऱ्या भाषा, पण बोलताना त्यांतही शब्द क्रियापदापलीकडे जातात. तुर्कीत ‘गेल्दी मी अली?’ म्हणजे थेट ‘आला का अली?’. फ्रेंच लोक तर सर्वनाम आधी ठेवून नाम मागून जोडतात : ‘एल ए ऊ, ला क्ले?’, म्हणजे ‘कुठे आहे ती, किल्ली?’.

मात्र वाटेल ते क्रियापदापलीकडे ढकलता येत नाही. तिथे सहसा ऐकणाऱ्याला आधीच ठाऊक असलेली गोष्ट येते. ‘कोण आलं?’ याला ‘सदा आला’ हेच उत्तर. ‘आला सदा’ म्हटलं तर सदाची वाटच पाहत होतो असं वाटतं. शाळेच्या निबंधात हा क्रम खटकेल, ते वेगळं.