‘एसीत बसून लिहिणाऱ्यांना काय कळणार’ या कमेंटला उत्तर

पवनचक्क्यांवरच्या माझ्या लेखाखालची तुमची कमेंट रात्रीच वाचली होती. लगेच उत्तर दिलं असतं तर भलतंच काहीतरी लिहून बसलो असतो म्हणून थांबलो. तुमचं म्हणणं असं की पवनचक्क्यांनी पाऊस पळवला, पक्षी मारले, वीज चारच महिने देतात, आणि ‘पुण्यात एसीत बसून लिहिणाऱ्यांना यातलं काय कळणार’.

या शेवटच्या वाक्याचं आधी बघू. माझं आजोळ पाटण तालुक्यातलं, वनकुसवड्याच्या पठाराखालचं. 90च्या दशकाच्या शेवटी वर पवनचक्क्या यायला लागल्या तेव्हा मी शाळेत होतो. मामाची सड्यावरची, म्हणजे वर पठारावरची, जमीन एका एजंटनं कवडीमोलानं घेतली, कशावर सही करतोय हे नीट कळायच्या आत सह्या झालेल्या, मामी अजून तो विषय निघाला की उठून आत जाते. तेव्हा पवनचक्कीची किंमत कोण मोजतं हे मला शिकवू नका, प्लीज. मला चीड आहे ती त्या व्यवहाराची. यंत्राला शिव्या घालून मामाची जमीन परत येणार नाहीये.

आणि समोरचा कोण, कुठला हे न विचारता थेट एसीवर घसरायचं ही कुठली पद्धत हो? लेखात चंद्रपूरच्या कोळशावर चालणाऱ्या औष्णिक वीजकेंद्राच्या राखेबद्दल एवढं लिहिलंय, ती राख ज्यांच्या घरात पडते त्यांच्याबद्दल तुमच्या कमेंटमध्ये एक अक्षर नाही.

चार महिन्यांचं बऱ्यापैकी मान्य. आपल्याकडे खरा वारा जून ते सप्टेंबर, आणि वेग निम्मा झाला की वीज आठव्या हिश्श्यावर येते, त्यामुळे इतर वेळी पाती बरेचदा नुसती उभी दिसतात. पण ढगांमुळे सोलर मंदावतं नेमकं तेव्हाच हा वारा असतो, ते का नाही मोजायचं?

पक्ष्यांचं म्हणाल तर साताऱ्याजवळच्या चाळकेवाडीच्या पवनचक्क्यांच्या पठारावरचा अभ्यास 2018 ला आलाय, शिकारी पक्षी कमी झाले आणि सरडे वाढले असं त्यात आहे. मग जागा बघून उभारा असं म्हणा, मीही म्हणेन. पावसाबद्दल वाद घालण्यात अर्थ नाही, 2019 ला याच पवनचक्क्या उभ्या असताना कोयना भरली आणि कराड-सांगलीत पाणी घुसलं.

पुढेही जरूर लिहा, मुद्द्यावर लिहा. माणसावर घसरलेली कमेंट यापुढे अप्रूव्ह करणार नाही.