कांदेवाल्याला नापास करणारा प्राध्यापक

समाजवाद कसा बुडतो हे सांगणाऱ्या मेसेजमधला तो अमेरिकन प्राध्यापक आमच्या घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर पुन्हा अवतरला आहे. टाकला पुण्यात नोकरी करणाऱ्या भाच्याने, आणि पहिला अंगठा दिला निफाडच्या मामांनी. मामांनी हयातभर कांदा पिकवला. त्या मेसेजमध्ये त्यांनाच फुकटे म्हटलंय, पण तिथपर्यंत त्यांनी वाचलेलं दिसत नाही. मी वाचलं.

गोष्ट बहुतेकांना माहीत असेल. प्राध्यापक वर्गाला सांगतो, आपण समाजवाद करून बघू, सगळ्यांच्या गुणांची सरासरी काढून प्रत्येकाला तेवढेच गुण देऊ. हुशार पोरं सुस्तावतात, ढ पोरं आधीच सुस्त असतात, तिसऱ्या परीक्षेत अख्खा वर्ग नापास. खाली कुणीतरी मराठी शेपूट जोडलंय: रशियात सगळ्यांना सारखा पगार होता म्हणून रशिया बुडाला, सिंगापूर-कोरियात सरकारने हात लावला नाही म्हणून ते श्रीमंत झाले, अमेरिकेत शेतमालाचा बाजार पूर्ण मोकळा आहे, आणि आपला कांदेवाला मात्र हमीभावावर आयता जगतोय.

हमीभाव? कसला हमीभाव? केंद्र सरकार 22 पिकांना किमान आधारभूत किंमत जाहीर करतं, त्यात कांदा नाही. लासलगावला ट्रॅक्टर लिलावात उभा केला की व्यापारी बोलेल तो भाव. पटला नाही तर माल परत न्यायचा, भाडं अंगावर घ्यायचं. हो, 2023 मध्ये राज्य सरकारने क्विंटलला 350 रुपये, तेही जास्तीत जास्त 200 क्विंटलपर्यंत, अनुदान दिलं. खतावर सबसिडीही आहे. एवढं मान्य. त्याला आयतं जगणं म्हणायचं असेल तर भाच्याने एक उन्हाळ कांदा स्वतः लावून बघावा.

आता मुख्य भानगड, सरासरी गुणांची. हा प्राध्यापक कुठल्या कॉलेजात होता, हे कुठल्याच मेसेजमध्ये नसतं. ते सोडून देऊ. पण रशियात सरासरी वाटली जात होती हे कुणी सांगितलं? सोव्हिएत संघाची 1936 ची राज्यघटना, कलम 12: जो काम करणार नाही, तो खाणारही नाही. आणि पुढे, प्रत्येकाकडून त्याच्या कुवतीप्रमाणे, प्रत्येकाला त्याच्या कामाप्रमाणे. कामाप्रमाणे! गरजेप्रमाणे नाही आणि सारखंही नाही. खुद्द स्टालिनने 1931 मध्ये पगार सारखे करण्याच्या खुळावर भाषणात तोंडसुख घेतलं होतं. कारखान्यात नगावर मजुरी असायची. 1935 मध्ये स्ताखानोव नावाच्या खाणकामगाराच्या नावावर एका पाळीत 102 टन कोळसा लागला, ठरलेल्या कामाच्या चौदा पट, आणि सरकारने त्याला देशभर मिरवलं. आकड्यामागे मदतनीस होते, हा भाग वेगळा. प्राध्यापकाचा वर्ग आणि हा देश यांचा संबंध काय?

तरी दुकानं रिकामी होती, हे खरंच आहे. रांगा होत्या, धान्य बाहेरून आणावं लागत होतं. पण त्याचं कारण पोरं आळशी झाली हे नव्हे. तिथे भाव वरून ठरायचा, आणि एकदा ठरला की हलवायला सरकार घाबरायचं. पाव इतका स्वस्त ठेवला होता की लोक तो जनावरांना घालायचे, कारण चाऱ्यापेक्षा तो परवडायचा. 1962 मध्ये मांस आणि लोण्याचे भाव वाढवले तर रशियातल्या नोवोचेरकास्क शहरात कामगार रस्त्यावर उतरले आणि त्यांच्यावर गोळ्या चालल्या. त्यानंतर जवळजवळ तीन दशकं सरकारी दुकानातल्या मांसाच्या भावाला हात लावायची कुणाची छाती झाली नाही. पिकवायला लागणारा खर्च वाढत गेला, विकायचा भाव तिथेच. मग माल दुकानात कशाला थांबेल? कुठे काय कमी पडलंय, कुणाला काय परवडतंय, हे एरवी भाव सांगतो. त्याचं तोंड बांधलं की मॉस्कोच्या कचेरीतल्या माणसाला कळणार कुठून?

आता मामा, हेच चित्र जरा नाशिक जिल्ह्यावर ठेवून बघा. ऑगस्ट 2023 मध्ये कांद्याच्या निर्यातीवर 40 टक्के शुल्क. 7 डिसेंबरला सरळ निर्यातबंदी. लाल कांदा बाजारात येत होता, भाव कोसळले, चांदवडला शेतकऱ्यांनी महामार्ग अडवला. बंदी उठली 4 मे 2024 ला, तीही 550 डॉलर टनाची किमान निर्यात किंमत आणि 40 टक्के शुल्क कायम ठेवून. शुल्क पूर्ण गेलं 1 एप्रिल 2025 ला. हे कशासाठी? शहरात कांदा महाग झाला की निवडणुका हातच्या जातात, ही 1998 च्या दिल्लीच्या निवडणुकीपासूनची धास्ती. म्हणजे मेसेज रशियाच्या नावाने ज्या केंद्रीय नियोजनाला, वरून सगळं ठरवण्याला, शिव्या घालतो, त्याचा फटका बसलेला माणूस मेसेजमध्येच आळशी विद्यार्थी ठरवलाय. याचे गुण कुणी वाढवले नाहीत. पास होत होता तेव्हा कापले.

एका ठिकाणी मात्र प्राध्यापक अगदीच खोटा नाही, नाइलाजाने सांगतो. चीनच्या कम्यूनमध्ये, म्हणजे सामूहिक शेतीत, खरोखर कामाचे गुण मांडले जायचे आणि मेहनती व कामचुकार यांच्या पदरात पडणारं फारसं वेगळं नसे. 1978 मध्ये आनहुई प्रांतातल्या शियाओगांगच्या 18 शेतकऱ्यांनी चोरून करार केला, जमीन घरटी वाटून घेतली, कागदावर अंगठे उठवले. पकडले गेलो तर एकमेकांची मुलं सांभाळू, असंही ठरलं. पुढच्या वर्षी पीक कित्येक पटींनी वाढलं. पण त्या करारातही सरकारचा वाटा आधी द्यायचा होता, आणि शेतजमीन तिथे आजही खासगी मालकीची नाही.

सिंगापूरवर वेळ घालवत नाही. बहुतेक जमीन सरकारची, दहातले जवळजवळ आठ रहिवासी सरकारी गृहनिर्माण मंडळाने बांधलेल्या घरात. कोरियाने 1962 पासून पंचवार्षिक योजना राबवल्या, पोहांगचा पोलाद कारखाना सरकारनेच उभा केला. हात लावला नाही म्हणे!

आणि अमेरिकेचा मोकळा बाजार. 1955 मध्ये दोन सट्टेबाजांनी शिकागोचा कांदा अडवून धरला, मग सगळा एकदम ओतला. मार्च 1956 पर्यंत 50 पौंडांचं पोतं 10 सेंटवर आलं, रिकामं पोतं त्याहून महाग. शेतकरी बुडाले. 1958 मध्ये अमेरिकन संसदेने कांद्याच्या वायदेबाजारावर, म्हणजे पुढच्या तारखेच्या मालाचा भाव आजच ठरवून होणाऱ्या सौद्यांवर, बंदी घातली, ती आजही लागू आहे. मोकळ्या बाजाराच्या पंढरीत कांद्यासाठी स्वतंत्र कायदा!

तेव्हा मामा, तो अंगठा काढा, आणि मागायचंच असेल तर एवढं मागा: निर्यातीचं धोरण उन्हाळ कांद्याचं रोप टाकायच्या आधी जाहीर करा आणि माल विकून होईपर्यंत बदलू नका. 7 डिसेंबरचा आदेश निघाला तेव्हा त्या कांद्याची लागवड सुरू होती.