'नुसती छाती' म्हणणाऱ्या सातारकरांना

नमस्कार सातारकर,

तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. तुमचं म्हणणं असं की, वुडी स्ट्रोड या अमेरिकन खेळाडू-अभिनेत्यावर एवढं लांबलचक लिहायचं काही कारण नव्हतं. गडी पडद्यावर येतो, छाती दाखवतो आणि मरतो, त्याला अभिनय म्हणत नाहीत. आणि खेळाडूवरच लिहायचं तर गोळेश्वरचे खाशाबा जाधव सोडून अमेरिकेत कशाला जायचं?

आधी माझी चूक. 'स्पार्टाकस' सिनेमासाठी स्ट्रोडला गोल्डन ग्लोब मिळालं, असं मी लिहिलं होतं. ते सहायक अभिनेत्याचं नामांकन होतं. तुम्ही दाखवून दिलंत, लेखात दुरुस्त केलंय.

पण 'नुसती छाती' मला अजिबात पटलेलं नाही. आमच्या सांगलीकडं कुस्तीचं मैदान भरलं की शिट्ट्या पडतात त्या डावाला. एकदा शेजारी एक म्हातारे वस्ताद बसले होते. डाव लागून गर्दी उठली तेव्हा ते चंची उघडून पान लावत होते. त्यांनी बघून घेतली होती ती आधीची खडाखडी: पोरगा पाय कुठं रोवतो, मान किती झुकवतो, दम कुठं सोडतो. "कुस्ती तिथंच झाली," एवढंच म्हणाले.

स्ट्रोडला तसं बघा. 1968 च्या 'वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट'च्या सुरुवातीला तो स्टेशनवर गाडीची वाट बघत उभा आहे. वरून पाण्याचा थेंब त्याच्या तुळतुळीत डोक्यावर पडतो. तो वर बघतो, टोपी घालतो आणि तिथंच उभा राहतो. थेंब टोपीवर पडत राहतात, पाणी साचतं. शेवटी टोपी काढून ते पाणी तो पिऊन टाकतो. तोंडातून शब्द नाही. दुसरा कुणी पहिल्याच थेंबाला बाजूला सरकला असता. थोड्या वेळात हा माणूस मरतो, हे तुमचं खरं. पण तोवर तो किती धोकादायक आहे, हे आपल्याला पुरतं कळलेलं असतं.

'स्पार्टाकस'मध्येही तेच. जाळं आणि त्रिशूळ घेऊन लढणारा ड्रॅबा नायकाला हरवतो, मारायची आज्ञा होते, आणि तो त्रिशूळ वर बसलेल्या रोमनांवरच फेकतो. त्याआधी तो जो क्षणभर थांबतो, तिथं बघा. पुढचं गुलामांचं सगळं बंड त्या थांबण्यातून उभं राहतं.

हे अंग कॉलेजच्या मैदानावर घडलेलं. 1939 साली लॉस एंजेलिसच्या विद्यापीठाच्या अमेरिकन फुटबॉल संघात तो, केनी वॉशिंग्टन आणि जॅकी रॉबिन्सन हे काळे खेळाडू एकत्र खेळले. पण 1934 ते 1945 एनएफएल या व्यावसायिक लीगमध्ये काळ्या खेळाडूंना दारच बंद होतं. 1946 मध्ये ते उघडलं तेव्हा स्ट्रोड बत्तिशीला आलेला, लीगमध्ये एकच हंगाम मिळाला. ऐन उमेदीची वर्षं अशी गेलेला माणूस पुढं सिनेमात आला, आणि तिथंही त्याच्या वाट्याला बहुतेक गुलाम, योद्धे आणि नोकरच आले. मला त्याच्याबद्दल जे वाटतं, ते यामुळं वाटतं.

खाशाबांवर लिहायचंच आहे. 1952 च्या हेलसिंकीतल्या ब्राँझबद्दल सगळे लिहितात, मला त्यांच्या कॉलेजच्या दिवसांबद्दल लिहायचंय. गोळेश्वरला जाणार आहे. तुम्ही त्याच भागातले, सोबत आलात तर फार बरं होईल. दिवस तुम्ही कळवा.