'पोट भरलेल्यांचे चोचले' म्हणणाऱ्या वाचकास

महामारी आणि नीतीवरच्या माझ्या लेखाखाली 'परखड परभणीकर' या टोपणनावानं आलेली प्रतिक्रिया आधी जशीच्या तशी देतो: "महामारीत नीती एकच, जीव वाचवणे. रीतिरिवाज, संस्कृती वगैरे पोट भरलेल्यांचे चोचले. असल्या लिखाणामुळंच लोक नियम पाळत नव्हते. परदेशातली उदाहरणं गूगलवरून उचललेली दिसतात. आणि लेख केवढा लांब!"

लेख लांबला, कबूल. लोक नियम पाळत नव्हते २०२० साली आणि माझा लेख आला मागच्या आठवड्यात, तेव्हा तो हिशेब तुमचा तुम्हीच लावा. टीकेचं मला वावडं नाही. पण परभणीकर साहेब, ही बोलायची पद्धत झाली का?

पोट भरलेले कोण, ते सांगतो. आमचं घर केज तालुक्यातलं. कोरडवाहू जमीन, आणि दसरा झाला की घरातली निम्मी माणसं कोयता घेऊन कारखान्याच्या वाटेला. चुलता त्यातलाच. २०२१ च्या एप्रिलमध्ये तो दवाखान्यात गेला तो परत आलाच नाही. प्रेत घरच्यांच्या ताब्यात दिलं नाही. किट घातलेल्या माणसांनी विधी उरकला, पोरानं गेटाबाहेरून बघितलं. राख सावडायची तर आपली कोणती, हे सांगायला कुणी नव्हतं. आमच्या घरानं एकही नियम मोडला नाही, तेराव्यालासुद्धा कुणाला बोलावलं नाही. चुलती मात्र अजून विचारती, "शेवटी पाणी तरी कुणी पाजलं का?" तिच्यासमोर 'चोचले' म्हणून दाखवा. टोपणनावाआडून कुणीही परखड होतं.

रीतिरिवाज म्हणजे नुसतं पिंडाचं पान नव्हे, हे लेखात लिहिलं होतं. तुम्ही तिथवर पोचला नसाल. पाश्चात्त्य वैद्यकनीतीत पेशंटची स्वतःची संमती पहिली. आमच्याकडं डॉक्टर पोराला बाजूला घेऊन सांगतो. मग जावई, भाऊ, गावातला एखादा शिकलेला, असे चार जण मिळून ठरवतात: औरंगाबादला हलवायचं का, व्हेंटिलेटर लावायचा का, रान विकायचं का. ही पद्धत चांगलीच आहे असं माझं म्हणणं नाही. बाईमाणसाला तिच्यात कोण विचारतंय? पण वॉर्डाचं दार लागलं आणि ठरवणारं अख्खं घर बाहेर राहिलं. आत राहिला तो आयुष्यात कधी एकट्यानं असलं काही न ठरवलेला माणूस.

किल्लारीचा भूकंप झाला, ३० सप्टेंबर १९९३ ला, तेव्हा मी कॉलेजात होतो. मदतीला गेलो होतो. सामुदायिक चिता मी डोळ्यांनी बघितल्यात. मंत्र नाही, पाणी नाही, नाव विचारायलाही वेळ नाही. विधी तिथंही तुटले. पण हात लावायला आजूबाजूच्या गावांची माणसं होती. कोरोनात तर हात लावायलाच बंदी आली. या दोन्हींत तुम्हाला फरक दिसत नसेल तर मी काय करू? तुम्ही मयताला कधी खांदा दिलाय का, हे विचारणं बरं दिसत नाही, पण विचारतो.

आता तुमची 'एकच नीती'. जीव वाचवायचे, पण कुणाचे? मार्च २०२० मध्ये इटलीतल्या भूलतज्ज्ञांच्या संघटनेनं लिहून दिलं, की अतिदक्षता विभाग अपुरे पडले तर प्रवेशाला वयाची मर्यादा घालावी लागू शकते. जर्मनीच्या घटनात्मक न्यायालयानं डिसेंबर २०२१ मध्ये संसदेला बजावलं, की असं वाटप करायची वेळ आली तर अपंगांना डावललं जाऊ नये, यासाठी तातडीनं तरतूद करा. जीव तर दोघांनाही वाचवायचे होते. जागतिक आरोग्य संघटना दफनाला हरकत नाही म्हणत असताना श्रीलंकेनं फेब्रुवारी २०२१ पर्यंत मुसलमानांचीही प्रेतं जाळायला लावली. कारण तिथंही लोकांच्या आरोग्याचंच दिलं होतं. गूगलवरून उचललं म्हणता, मग काय कोलंबोला जाऊन यायचं होतं?

परदेश नको असेल तर करमाड घ्या. ८ मे २०२० च्या पहाटे जालन्याहून भुसावळकडं पायी निघालेले १६ मजूर रुळावर मालगाडीखाली गेले. गाड्या बंद आहेत असं समजून ते तिथंच झोपले होते. टाळेबंदी जीव वाचवायलाच होती की! हे १६ जण तुमच्या एका ओळीच्या नीतीत कुठं बसतात, ते सांगा. आणि त्यांची पोटं भरलेली होती का, तेही.

लस आणि मास्कवर तुम्ही दुसऱ्या प्रतिक्रियेत जे लिहिलंय, त्याचा माझ्या लेखाशी संबंध नाही, ते सोडून देतो. पुढं बोलायचं असेल तर खऱ्या नावानं या, आणि आधी लेख पुरता वाचा. लांब आहे, माहितीय.