बारा वर्षं राहिला म्हणून भाडेकरू मालक होत नाही

"भाडेकरू १२ वर्षं राहिला की घर त्याचं, आधीच कुलूप तोडून ताबा घ्या," हा मेसेज सदाशिव पेठेतल्या आमच्या ग्रुपवर पुन्हा फिरतोय. कृपया पुढे पाठवू नका. घर भाड्याने दिलेल्या शेजारच्या आजी तो वाचून रात्रभर झोपल्या नाहीत.

१२ वर्षांचा आकडा १९६३ च्या मुदत कायद्यातला (दावा किती काळात लावायचा ते ठरवणारा कायदा), पण तो मालकाचा हक्क उघडपणे नाकारून ठेवलेल्या ताब्यासाठी. भाडेकरू परवानगीने राहतो, भाडं देतो, म्हणजे मालकी मान्यच करतो. आजींच्या पत्र्याच्या डब्यात भाड्याच्या पावतीपुस्तकाच्या पिवळ्या पडलेल्या स्थळप्रती आहेत. त्या जपा, एवढंच मी त्यांना सांगितलं.

कुलूप तोडण्याचा सल्ला तर घातकच. बळजबरीने बाहेर काढलेला माणूस विशिष्ट अनुतोष कायद्याच्या (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) कलम ६ खाली ६ महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मिळवू शकतो. तिथे मालक कोण, हा प्रश्नच येत नाही.

राहत्या घराच्या लिव्ह अँड लायसन्सची (ठरावीक मुदतीपुरता राहण्याची परवानगी देणारा करार) मुदत संपली असेल, तर सक्षम प्राधिकाऱ्याकडे, म्हणजे अशा प्रकरणांसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, ताबा परत मिळवण्यासाठी अर्ज करा. भाडे नियंत्रण कायद्याच्या कलम २४ प्रमाणे दुप्पट शुल्काची भरपाईही मिळू शकते. वाड्यातल्या जुन्या भाडेकरूसाठी मात्र लघुवाद न्यायालयातच जावं लागतं.