शिळ्या मटणाचा दोष गरम करण्यात नाही, रात्रभर ओट्यावर राहिलेल्या पातेल्यात आहे

आखाड लागला की आमच्या कोल्हापुरातल्या पेठेच्या ग्रुपवर दोन गोष्टी हमखास येतात. पंचगंगेचं नवं पाणी घेऊन, पिपाणी-ढोलाच्या पी ढबाक तालावर टेंबलाई देवीला निघालेल्या पोरीबाळींचे व्हिडिओ ही एक. दुसरी म्हणजे गल्लीतल्या मटणाच्या बेतानंतर दुसऱ्या दिवशी फिरणारा तो मेसेज. यंदाही आला. थोडक्यात असा: उरलेलं मटण पुन्हा गरम करू नका, त्यातली प्रथिनं विषारी होतात. गरम भांडं फ्रिजमध्ये ठेवू नका, रात्रभर ओट्यावर निवू द्या. सकाळी खळखळून उकळा, सगळे जंतू मरतात. वातड झालं असेल तर अजून उकळा. मायक्रोवेव्ह वापराल तर कॅन्सर ठरलेला. शेवटी नेहमीप्रमाणं, आईला आणि बहिणीला नक्की पाठवा.

पहिल्या ओळीत गरम करू नका आणि तिसऱ्या ओळीत खळखळून उकळा! पुढं पाठवणाऱ्या एकालाही हे खटकलेलं दिसलं नाही.

प्रथिनांचं आधी उरकून घेऊ. मटणातली प्रथिनं पन्नास अंशांच्या पुढं आपला आकार सोडायला लागतात, म्हणजे जे काही बदलायचं ते पहिल्याच शिजवण्यात बदलून गेलेलं असतं. कुकरमध्ये तेच मटण १२० अंशांच्या आसपास राहून आलेलं आहे. दुसऱ्या दिवशी ऐंशी-नव्वद अंशांना त्यात नवं विष कुठून येणार? उकडलेलं अंडं परत गरम पाण्यात टाकलं म्हणून कुणी दगावत नाही. वास मात्र बदलतो, हे खरं. मांसातलं लोह आणि चरबी हवेच्या संगतीत बिघडायला लागतात आणि एक शिळपट, पुठ्ठ्यासारखा वास येतो. अमेरिकेतल्या संशोधकांनी १९५८ साली त्याला वेगळं नावही दिलं. तो वास चवीचा शत्रू आहे, विष नव्हे. मसाला आणि लसूण भरपूर असलेल्या, रश्श्यात बुडालेल्या फोडींना तो कमी येतो. कोरड्या, उघड्या पडलेल्या फोडींना जास्त. उरलेलं सुकं ठेवताना वर थोडा रस्सा ओतून ठेवायची घरातल्या बायकांची सवय त्यामुळं शास्त्राला धरूनच आहे.

आता मेसेजमधलं सगळ्यात घातक वाक्य. रात्रभर ओट्यावर निवू द्या.

तीन वर्षांपूर्वी आमच्याच घरात हे झालं. बेताचं उरलेलं मोठं पातेलं, दहाएक लिटरचं, झाकण घालून ओट्यावर राहिलं. बाहेर पाऊस, हवा गार. आमची आत्ती म्हणाली, "थंडीत काय होतंय त्याला, सकाळी एक उकळी दिली की झालं." सकाळी उकळी म्हणजे काय, तर कडेनं वाफ दिसली आणि उतरवलं. दुपारी सगळे जेवलो. रात्री दहाच्या सुमारास चौघांच्या पोटात कळा आणि जुलाब. उलटी नाही, ताप नाही. दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत सगळे ठीक. बोल लागला तो बकरं कापणाऱ्याला. कशानं झालं हे तपासायला कुणी गेलं नाही, पण लक्षणं आणि वेळ एका जुन्या गुन्हेगाराशी जुळतात.

त्याचं नाव क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजन्स. हा जंतू बीजाणू, म्हणजे टणक कवचातलं झोपलेलं रूप, करून बसतो आणि ते बीजाणू साध्या उकळीला दाद देत नाहीत. मटण शिजताना बाकीचे मरतात, हे टिकतात. मग पातेलं हळूहळू निवायला लागलं की ते जागे होतात. त्यांना मानवतं ते ४३ ते ४७ अंशांचं तापमान. तिथं दहा-बारा मिनिटांत दुप्पट होतात. बाहेरची हवा गार असली तरी दहा लिटरचं झाकलेलं पातेलं आतून त्याच कोमट पट्ट्यात कितीतरी वेळ रेंगाळतं. वाटीभर रस्सा अर्ध्या तासात निवतो, पातेल्याच्या मध्यावरची नळी निवायला निम्मी रात्र जाते. खाल्ल्यावर सहा ते चोवीस तासांत पोट बिघडतं, आणि बहुतेकांचं दिवसभरात आपोआप थांबतं.

म्हणून नियम असा आहे: शिजलेलं अन्न बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एकच तास. आखाडात दोन तास धरा. एप्रिल-मेच्या जत्रेत एक.

गरम भांडं फ्रिजमध्ये ठेवू नका, यात अर्धं तथ्य आहे हे मान्य. अख्खं पातेलं तसंच आत कोंबलं तर फ्रिज तापतो, शेजारचं दूध नासतं, आणि पातेलं मधोमध तरीही कोमटच राहतं. उपाय मात्र ओटा नाही. मटण दोन-तीन पसरट डब्यांत काढायचं, दोन इंचांपेक्षा जाड थर नको. पातेल्यातच ठेवायचं असेल तर परातीत गार पाणी घालून त्यात पातेलं बसवायचं आणि अधूनमधून पळीनं ढवळायचं. पाणी कोमट झालं की बदलायचं. वाफ गेली की डबे आत. पाच अंशांखाली तीन-चार दिवस खुशाल राहतं. लाइट गेली तर फ्रिज उघडून बघत बसू नका; दार बंद राहिलं तर आतला गारवा साधारण चार तास टिकतो.

"उकळलं की सगळे जंतू मरतात" हेही असंच अर्धवट. जिवंत जंतू बरेचसे मरतात, अगदी वाढलेला परफ्रिंजन्ससुद्धा, जर उकळी खरी असेल आणि प्रत्येक फोडीच्या आतपर्यंत पोचली असेल तर. पण स्टॅफिलोकॉकस नावाचा जंतू आपल्या हातावर, नाकात असतो. पातेल्यातून हातानं फोडी निवडताना तो उतरतो आणि बाहेर राहिलेल्या मटणात विष तयार करून ठेवतो. जंतू मरतो, ते विष उकळून जात नाही. कोल्हापूर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेपाचशे मीटर उंच, इथं पाणी ९८ अंशांच्या आसपासच उकळतं. कितीही खळखळवा, त्यापुढं जात नाही. बेताचा उरलेला भातही याच यादीत येतो. त्यातल्या जंतूचं विषही उकळीला पुरून उरतं, पण भाताबद्दल मेसेजमध्ये चकार शब्द नाही.

वातड झालं तर अजून उकळा. इथं मला खरा राग येतो, कारण चांगलं सुकं यानंच वाया जातं.

फ्रिजमधून काढलेली फोड दगडासारखी लागते म्हणून ती वातड नसते. बकऱ्याची चरबी थिजलेली असते, आणि हाडाजवळच्या पांढऱ्या पडद्याचा शिजून झालेला चीक गोठून जेली झालेला असतो. ही जेली पस्तीस-एक अंशांना वितळते, चरबी त्याहून थोडी पुढं. दोन्हीला धीर लागतो, जाळ नाही. जोरात उकळलं तर मांसाचे धागे आवळतात, आतलं पाणी पिळून बाहेर येतं आणि खाताना दोऱ्या चघळल्यागत वाटतं. काल कच्चट राहिलं असेल तर गोष्ट वेगळी. मग पाणी घालून मंद आचेवर वीसेक मिनिटं शिजू द्या.

माझा पुण्यातला आतेभाऊ विलायती रोस्ट बीफचे व्हिडिओ बघून सांगतो, "गरम करताना आतलं गुलाबी राहिलं पाहिजे." ते त्यांचं ठीक आहे. रोस्ट पंचावन्न-साठ अंशांलाच उतरवतात, म्हणून त्यापुढं तापवलं की करडं आणि कोरडं होतं. ते जपण्यासाठी ते लोक मंद ओव्हनमध्ये झाकून ठेवतात, नाहीतर पातळ काप गरम ग्रेव्हीत क्षणभर बुडवतात. आपलं मटण आधीच पूर्ण शिजलेलं, गुलाबी राहायचा प्रश्नच नाही. ग्रेव्हीची युक्ती मात्र उचलण्यासारखी, आणि खरं तर ती आपल्याकडं आहेच.

सुक्यासाठी कढई मंद आचेवर. जेवढं खायचं तेवढंच काढा, उरलेलं डब्यात राहू दे. पुन्हापुन्हा तापवणं-निववणं टाळायचं ते यासाठी. दोन पळ्या अळणी रस्सा (मसाला न घातलेलं मटणाचं पाणी) किंवा गरम पाणी कडेनं सोडा. ताट झाका आणि ताटावर पाणी ओता. त्या पाण्यानं ताट गार राहतं, वाफ वर जाऊन थेंब होऊन परत मटणावर पडते. सात-आठ मिनिटांत ताटावरचं पाणी चांगलं तापलं की एक जाड फोड मोडून बघा, आतून वाफ आली पाहिजे. थर्मामीटर असेल तर ७४ अंश. मग ताट काढून मिनिटभर परता. कट सुटला की उतरवा.

मायक्रोवेव्हच्या लहरी पाण्याच्या रेणूंना हलवून उष्णता तयार करतात. अन्नात त्या लहरी शिल्लक राहत नाहीत, म्हणून कॅन्सरचं भय नको. त्याचा खरा दोष वेगळाच, तो सारखं तापवत नाही. कडेची फोड चटका देते आणि मधली गार. म्हणून झाकून, थांबून, मधे एकदा हलवून.

तांबड्या रश्श्याला फारशी फिकीर नाही, उकळला तरी चालतो. पांढरा मात्र उकळू देऊ नका. नारळाचं दूध आणि काजू-तिळाचं वाटण त्यात असतं, जाळ लागला की फुटतो. मंद आच, हातात पळी, कडेला बारीक बुडबुडे आले की बंद. ऐंशी अंश तिथं झालेले असतात. फुटलाच तर चमचाभर काजूचं वाटण घालून मिक्सरमधून फिरवा. घरच्यांना वाढायला चालतो. पाव्हण्यांपुढं ठेवू नका.